दगडांतील अस्थी आणि आपला विश्वास
(उपदेशक व मंडळी यांच्या अभ्यासाकरिता पाठ)



आपल्या गावची मुले शाळेतून घरी येतात तेव्हा त्यांच्या पुस्तकांत एका प्रचंड प्राण्याचे चित्र असते. त्याची मान ताडासारखी लांब, पाय खांबासारखे व शेपूट नांगराच्या दांडीहून कितीतरी मोठे. त्यास डायनोसॉर म्हणतात. मग एखादा मुलगा शब्बाथशाळेत उभा राहून विचारतो, "गुरुजी, ही जनावरे देवाने केली काय? केली असतील तर पवित्र शास्त्रात त्यांचे नाव का नाही?" अशा वेळी कित्येक उपदेशक मुलाला दटावून खाली बसवितात, तर कित्येक गप्प राहतात. दटावल्याने मुलाच्या मनात असे बसते की, शाळेतील सत्य निराळे आणि देवळातील सत्य निराळे. गप्प राहिल्याने त्यास वाटते की, आपल्या गुरुजींचा विश्वास एका हाडालाही भितो. म्हणून या विषयाचे थोडे ज्ञान प्रत्येक उपदेशकास असावे, या हेतूने हा पाठ दिला आहे.

१. हाडाचा दगड कसा होतो

नदीला पूर येऊन गेला म्हणजे काठावर गाळ बसतो, हे आपण दर पावसाळ्यात पाहतो. त्या गाळात एखादे मेलेले जनावर पुरले गेले तर मांस कुजून जाते, परंतु हाडे राहतात. वर गाळाचे थर चढत जातात व पाण्यात विरघळलेले खनिज द्रव्य हळूहळू त्या हाडांत शिरते. अगणित वर्षांनी गाळाचा खडक होतो आणि हाडही दगडासारखे जड व कठीण होते. आकार मात्र हाडाचाच राहतो. यालाच जीवाश्म म्हणतात. पुढे पाऊस, वारा किंवा मनुष्याची कुदळ खडक फोडते आणि ती अस्थी पुन्हा उजेडात येते.

२. विलायतेतील पहिले शोध

असे दगड लोकांस पूर्वीपासून सापडत होते. पण ते कशाचे, हे कोणास कळत नव्हते. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर लाइम रीजिस नावाचे गाव आहे. तेथे एका गरीब सुताराची मुलगी मेरी ॲनिंग ही राहत असे. तिचा जन्म १७९९ साली झाला व ती ११ वर्षांची असता बाप वारला. समुद्राच्या कड्यांतून निघणारे शंखशिंपल्यांचे दगड विकून हे कुटुंब पोट भरी. १८११ साली तिच्या भावास एका अजस्र प्राण्याचे डोके सापडले आणि पुढील वर्षी मेरीने त्याचे उरलेले शरीर शोधून काढले. तो डायनोसॉर नव्हता, तर समुद्रात राहणारा सरपटणारा प्राणी होता; परंतु जे प्राणी आज कोठेही नाहीत ते एके काळी पृथ्वीवर होते, हे अशा शोधांनी लोकांस पटू लागले. ती स्त्री म्हणून व गरीब म्हणून विद्वानांच्या सभेत तिला जागा मिळाली नाही. तरी त्याच विद्वानांची पुस्तके तिने काढलेल्या दगडांवर उभी राहिली.

त्या विद्वानांत विल्यम बकलंड हे एक होते. ते ऑक्सफर्ड येथील अध्यापक असून ख्रिस्ती धर्मोपदेशकही होते. दगडाच्या खाणीतून मिळालेल्या एका मांसाहारी प्राण्याच्या जबड्याचे व हाडांचे वर्णन त्यांनी १८२४ साली प्रसिद्ध करून त्यास मेगॅलोसॉरस, म्हणजे मोठा सरडा, असे नाव दिले. डायनोसॉरांपैकी शास्त्रीय रीतीने नाव मिळालेला हा पहिलाच. पुढच्या वर्षी गिडियन मँटेल नावाच्या एका डॉक्टराने इग्वानोडॉन या शाकाहारी प्राण्याचे वर्णन केले. त्याचे दात प्रथम पॅरिसच्या क्यूव्हिए नामक थोर पंडितास दाखविले, तेव्हा त्याने ते गेंड्याचे ठरविले होते. पुढे त्याने आपली चूक मोकळेपणाने कबूल केली. मग १८४२ साली रिचर्ड ओवेन याने या सर्वांस मिळून डायनोसॉर हे नाव दिले. ग्रीक भाषेतील दोन शब्दांपासून ते झाले असून त्याचा अर्थ भयंकर सरडा असा होतो.

३. लोकांचे कुतूहल व पंडितांच्या चुका

१८५४ साली लंडनजवळ सिडनहॅम येथे स्फटिक महालाच्या बागेत या प्राण्यांचे मोठाले पुतळे उभे केले. ते पाहावयास लोकांच्या झुंडी लोटल्या. ते पुतळे आजही तेथे आहेत. परंतु त्यांत इग्वानोडॉनच्या नाकावर एक शिंग बसविलेले दिसते. १८७८ साली बेल्जम देशात बेर्निसार येथील कोळशाच्या खाणीत याच प्राण्याचे ३० हून अधिक सांगाडे मिळाले, तेव्हा समजले की, ते शिंग नसून हाताच्या अंगठ्याचे अणकुचीदार हाड होते!

यावरून विज्ञान खोटे असे कोणी म्हणू नये. थोड्या हाडांवरून मोठा तर्क केला म्हणजे चूक होते, आणि अधिक पुरावा मिळाला म्हणजे ती सुधारावी लागते, एवढेच यावरून शिकावे. बकलंड साहेबांनी प्रथम असे लिहिले होते की, गुहांत सापडणारी हाडे नोहाच्या जलप्रलयाची साक्ष देतात. पुढे स्वतःच अधिक शोध केल्यावर १८३६ सालच्या ग्रंथात त्यांनी ते मत सोडून दिले. त्यामुळे त्यांचा विश्वास बुडाला नाही. ते पुढे वेस्टमिन्स्टरच्या मोठ्या देवळाचे मुख्य झाले.

४. आपल्या देशात

आता जवळ येऊ. ठगांचा बंदोबस्त करणारे स्लीमन साहेब यांस १८२८ साली जबलपूरच्या छावणीजवळील बडा शिमला टेकडीवर काही प्रचंड मणके मिळाले. १८७७ साली लिडेकर याने त्या प्राण्यास टायटॅनोसॉरस इंडिकस असे नाव दिले. पुढे ते मणके कोठे गेले याचा पत्ता लागेना. अखेर २०१२ साली त्यांतील एक कलकत्त्याच्या भूगर्भ खात्याच्या संग्रहात पुन्हा सापडला.

परंतु आम्हा मराठी ख्रिस्ती लोकांस अधिक जवळचे नाव म्हणजे रेव्हरंड स्टीफन हिस्लॉप यांचे होय. स्कॉटलंडात १८१७ साली जन्मलेले हे मिशनरी १८४५ साली नागपुरास आले. त्यांनी शाळा काढली, रस्तोरस्ती उपदेश केला, गोंड लोकांत फिरून त्यांची भाषा व गीते लिहून घेतली. आणि उपदेशाच्या फेरीवर चालता चालता वाटेतील दगडांकडेही डोळे उघडे ठेविले. आपले सोबती रेव्हरंड रॉबर्ट हंटर यांच्यासह त्यांनी नागपूरजवळ टाकळी येथील खडकांत गोड्या पाण्यातील गोगलगाईंचे अवशेष शोधिले. मांगली येथून मिळालेल्या एका प्राचीन जलस्थलचर प्राण्याच्या कवटीचे वर्णन लंडनात ओवेननेच केले. तसेच १८६० च्या सुमारास आजच्या चंद्रपूर जिल्ह्यात वरोऱ्याजवळील पिसदुरा या गावी हिस्लॉप साहेबांस मोठ्या प्राण्यांच्या अस्थी मिळाल्या. त्या डायनोसॉरांच्या होत्या.

त्यांचा अंत मोठा हृदयद्रावक झाला. ४ सप्टेंबर १८६३ रोजी टाकळघाट येथील प्राचीन शिळावर्तुळे पाहून परत येताना, रात्री पुराने भरलेल्या ओढ्यात ते बुडाले. तेव्हा त्यांस ४६ वर्षेही पुरी झाली नव्हती. नागपुरातील हिस्लॉप कॉलेज त्यांचेच नाव चालवीत आहे. एका हाती शुभवर्तमान आणि दुसऱ्या हाती भूगर्भशास्त्र्याची हातोडी, असा हा देवाचा सेवक होता. त्या दोहोंत त्यास वैर दिसले नाही.

५. दगड झालेले शेण

पिसदुऱ्यास हाडांबरोबर आणखी एक वस्तू सापडते, ती म्हणजे दगड झालेली प्राचीन विष्ठा. वाचकांस हसू येईल. परंतु शेतकऱ्याला शेणाची किंमत सांगावी लागत नाही. अशा दगडांत माशांची हाडे असतात हे मेरी ॲनिंगने पाहिले होते, आणि तिच्या निरीक्षणाच्या मदतीने बकलंड साहेबांनी १८२९ साली हे दगड कशाचे हे जगास सांगितले. पिसदुऱ्याचे असे गोळे लांब मानेच्या शाकाहारी डायनोसॉरांचे असावेत असे मानितात. वंदना प्रसाद, अशोक साहनी व त्यांचे सोबती यांनी ते सूक्ष्मदर्शक यंत्राखाली तपासले. गवताच्या अंगात गारेसारख्या द्रव्याचे अतिसूक्ष्म कण तयार होतात व गवत कुजले तरी ते नाश पावत नाहीत. तसे कण त्या गोळ्यांत मिळाले आणि निदान ५ प्रकारचे गवत त्या काळी होते, असे २००५ साली प्रसिद्ध झाले. त्यापूर्वी विद्वान समजत असत की, डायनोसॉर नाहीसे झाल्यावर बऱ्याच काळाने गवत पसरले. पुढे २०११ साली त्यांत भाताच्या कुळातील गवतही ओळखले गेले. पाहा, ज्याला जग तुच्छ मानून ओलांडून जाते, त्यातूनच विद्वानांचे जुने मत बदलले!

हे प्राणी सुमारे ६ कोटी ६० लक्ष वर्षांपूर्वी नाहीसे झाले. आकाशातून एक प्रचंड धोंडा आजच्या मेक्सिको देशात पृथ्वीवर आदळला, त्यामुळे हा नाश झाला, असे बहुतेक शास्त्रज्ञ मानितात. त्याच काळी आपल्या दख्खनेत जमिनीला भेगा पडून तापलेला रस थरावर थर पसरत होता. त्याचाच आपला काळा पाषाण झाला व त्या पाषाणाची झीज होऊन आपली कपाशीची काळी जमीन झाली. डायनोसॉरांचे एक कुळ मात्र वाचले, ते म्हणजे पक्ष्यांचे. तुमच्या अंगणात दाणे टिपणारी कोंबडी ही त्या भयंकर प्राण्यांच्या नात्यातली आहे, हे मुलांस अवश्य सांगावे.

६. पवित्र शास्त्राविषयी काय सांगावे

प्रथम, भलतीच ओढाताण करू नये. ईयोबाच्या पुस्तकाच्या ४० व्या अध्यायातील बेहेमोथ हाच डायनोसॉर, असे कोणी सांगतात. त्या लेखाचा हेतू प्राण्यांची यादी देणे हा नसून मनुष्यास देवापुढे नम्र करणे हा आहे. पवित्र शास्त्रात कोंबड्याचे नाव आहे आणि कांगारूचे नाही. म्हणून कांगारू देवाने केला नाही असे आपण म्हणतो काय?

दुसरे, जे शास्त्रात नाही ते शास्त्राचे म्हणून सांगू नये. सृष्टी ख्रिस्तापूर्वी ४००४ साली झाली, असे पुष्कळांनी ऐकले आहे. हा हिशेब आयर्लंडचे आर्चबिशप अशर यांनी १६५० साली प्रसिद्ध केला व मागाहून तो इंग्रजी बायबलांच्या समासात छापला जाऊ लागला. समास म्हणजे वचन नव्हे. जो उपदेशक मुलांचा विश्वास समासावर उभारतो, तो वाळूवर घर बांधतो. आणि शाळेतील पहिल्याच पावसात ते घर पडले तर दोष पावसाचा नव्हे.

तिसरे, सृष्टी कोणाची व कशासाठी, हे शास्त्र सांगते. ती कोणत्या क्रमाने व किती काळात घडली, हे खडक सांगतात. दोन्ही एकाच धन्याची अक्षरे आहेत. कोट्यवधी वर्षे, मनुष्याचा डोळा पाहावयास नसता, देवाने इतके प्राणी निर्माण करून पोसले, या विचाराने त्याचा महिमा कमी होत नाही. आपला गर्व मात्र कमी होतो. आणि ज्याला कोटी वर्षांचा हिशेब जड नाही, त्याने आपल्या गावच्या लहानशा मंडळीची विचारपूस करावी, हेच आपल्या विश्वासातील खरे आश्चर्य आहे.

म्हणून पुढील शब्बाथी तो मुलगा उभा राहिला, तर त्यास म्हणावे, "होय बाळा, तीही त्यानेच केली. चल, आपण दोघे मिळून त्यांच्याविषयी वाचू." एखादे उत्तर ठाऊक नसेल तर तसे सरळ सांगावे. क्यूव्हिएला चूक कबूल करताना लाज वाटली नाही, तर आपणांस का वाटावी?

अभ्यासाकरिता प्रश्न

(१) हाडाचा दगड कसा होतो, हे आपल्या नदीच्या गाळाचे उदाहरण घेऊन मुलांस समजावून सांगा.
(२) मेरी ॲनिंगच्या चरित्रावरून गरीब मुलामुलींस कोणते उत्तेजन मिळते?
(३) बकलंड साहेबांनी आपले मत बदलले, तरी विश्वास सोडला नाही. यावरून काय शिकावे?
(४) हिस्लॉप साहेबांच्या उपदेशाच्या कामात व दगडांच्या शोधात विरोध का नव्हता?
(५) शास्त्राचे वचन व मनुष्याने समासात घातलेली टीप यांतील भेद आपल्या मंडळीत कसा समजावून द्याल?