फत्तेलालांचे देहू



कलादिग्दर्शनातून दिग्दर्शनाकडे जाणारी वाट मराठी सिनेमाइतकीच जुनी आहे. एस. फत्तेलाल ऊर्फ साहेबमामा यांच्या कारकिर्दीत ती सर्वांत स्वच्छ दिसते.

फत्तेलाल घडले ते कोल्हापुरात, बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत. पेंटर मूळचे नाटकांचे पडदे रंगवणारे. सिनेमात मात्र रंगवलेल्या पडद्यावर न भागवता त्यांनी प्रत्यक्ष सेट उभारले आणि चित्रीकरणाआधी प्रसंगांची, पोशाखांची रेखाटने काढण्याची शिस्त लावली. कंपनीत पडेल ते काम करावे लागे. उमेदवाराला ही गैरसोय वाटते. पण ज्याने हाताने भिंत उभी केली, त्याला कॅमेरा कुठे ठेवायचा हे निराळे शिकवावे लागत नाही. विष्णुपंत दामले यांच्याशी जोडी तिथेच जमली आणि १९२८ साली दोघांनी मिळून 'महारथी कर्ण' दिग्दर्शित केला.

१९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनी निघाली. तिथे दामल्यांकडे ध्वनी, फत्तेलालांकडे नेपथ्य आणि दिग्दर्शन बहुधा व्ही. शांताराम यांच्याकडे. 'अमृतमंथन' (१९३४) मधले देवीचे देऊळ त्या काळातल्या भव्यतेचा नमुना आहे; तिथे माणसे लहान दिसतात, आणि ती तशी दिसावीत हाच हेतू.

'संत तुकाराम' (१९३६) मध्ये दामले-फत्तेलाल पुन्हा दिग्दर्शनाकडे वळले, तेव्हा मात्र नेपथ्यकाराने हात आखडता घेतला. देहूचे घर, अंगण, देऊळ, तुकारामांच्या बायकोची, आवलीची म्हैस: सगळे वापरातले, कुठेही मिरवणारे नाही. विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम आणि गौरीची आवली त्या घरात राहतात, उभी केल्यासारखी दिसत नाहीत. त्यामुळेच शेवटी वैकुंठाचे विमान येते तेव्हा ते खटकत नाही. नजर जमिनीवर उरलेल्या आवलीकडेच जाते. कलाविभागात शिकणाऱ्याने हा चित्रपट दोनदा पाहावा, दुसऱ्यांदा आवाज बंद करून. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

एक गोष्ट मात्र झाकू नये. फत्तेलालांचे गाजलेले दिग्दर्शन जोडीचे आहे. 'गोपालकृष्ण' (१९३८) आणि 'संत ज्ञानेश्वर' (१९४०) हेही दोघांचेच. कोणाचा वाटा किती, हे पडद्यावरून सांगता येत नाही, आणि त्या दोघांना तो मोजायची गरज वाटली असेल असेही दिसत नाही. दामले १९४५ मध्ये गेले.

प्रभात १९३३ मध्ये पुण्याला आली होती. तिच्या पुण्यातल्या आवारात १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. कलादिग्दर्शनाचा अभ्यासक्रम आज तिथेच शिकवला जातो.