‘पिठाचे पंजे’ आणि मूकपटातील आंगिक विनोद

मराठी विनोदाची चर्चा आपण कोल्हटकर, गडकरी, अत्रे या क्रमाने करीत आलो. ती प्रामुख्याने शब्दनिष्ठ विनोदाची चर्चा आहे. पडणे, धडपडणे, चोप खाणे यांतून सिद्ध होणारा विनोद तीत बसत नाही. भरताने अपहसित व अतिहसित हे हास्यप्रकार अधम प्रकृतींकडे सोपविले. तीच उतरंड आपल्या समीक्षेने मुकाट्याने स्वीकारलेली दिसते.

या दृष्टीने दादासाहेब फाळके यांचा ‘पिठाचे पंजे’ हा विनोदी लघुपट विचारात घ्यावयास हवा. जानेवारी १९१४ मध्ये मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात तो ‘मोहिनी भस्मासुर’ला जोडून दाखविला गेला. चॅप्लिनचा पहिला लघुपट त्यानंतर, फेब्रुवारीत आला. तेव्हा चॅप्लिनच्या अनुकरणाचा प्रश्नच उद्भवत नाही. मॅक्स लिंडरचे फ्रेंच विनोदपट तोवर गाजले होते हे खरे. परंतु या जोडणीचे मूळ घरातच शोधणे मला अधिक सयुक्तिक वाटते. १८५० च्या दशकापासून मराठी रंगभूमीवर पौराणिक नाटकाला फार्स जोडण्याची प्रथा होती. फाळक्यांनी तीच मांडणी पडद्यावर आणली.

शिवाय भस्मासुराची कथा तरी काय आहे? मोहिनीच्या नृत्याची नक्कल करता करता तो स्वतःच्याच मस्तकावर हात ठेवतो आणि भस्म होतो. शरीराने शरीराला फसवावे, हेच तर आंगिक विनोदाचे सूत्र! (एकाच खेळात दोन ‘पंजे’ यावेत, हा योगायोगही असेल.)

‘कालिया मर्दन’ (१९१९) याच्या प्रारंभी सात वर्षांच्या मंदाकिनी फाळके हिच्या मुद्राभिनयाचे प्रात्यक्षिक येते. कथा सुरू होण्यापूर्वी केवळ चेहऱ्याचे व्यापार पाहण्यास प्रेक्षकाला येथे शिकविले जाते. पुढे कृष्णाच्या खोड्यांतील हास्य त्याच शिकवणीवर उभे राहते.

गोंदिया जिल्ह्यातील अभ्यासकाला हे अपरिचित वाटू नये. दिवाळीनंतरच्या मंडईत दंडार किंवा खडी गंमत पाहणारा प्रेक्षक अनेकदा शब्द ऐकू येण्यापूर्वीच हसलेला असतो. मूकपटाची रीळ पुन्हा पाहता येते. दंडारीच्या बाबतीत मात्र आपण कागदावर विसंबतो. आमच्या विद्यार्थ्यांनी टिपून आणलेल्या संहितांत गीते आहेत, संवाद आहेत. नट कसा पडला, कोणाच्या अंगावर पडला, उठताना त्याने काय केले, या जागी कंसात एकच शब्द आढळतो: ‘हशा’.