फडाचे पाणी

पांझरा ही खानदेशातील एक लहानशी नदी. साक्री तालुक्यातील डोंगरांत ती उगम पावते आणि धुळे शहरावरून वाहत जाऊन तापीला मिळते. पावसाळ्यात ती दुथडी भरून वाहते. चैत्र-वैशाखात मात्र तिच्या पात्रात वाळू व खडकच अधिक दिसतात. अशा नदीच्या काठच्या खेड्यांनी ऊस आणि भात पिकवावा, याचे नवल वाटते. परंतु कित्येक शतके ती तसे करीत आली आहेत. त्यांच्या या रीतीला ‘फड पद्धत’ असे म्हणतात. नाशिक जिल्ह्यातील मोसम व आरम या नद्यांच्या काठीही ती रुजलेली होती.

नदीच्या पात्रात दगडचुन्याचा एक ठेंगणा बंधारा आडवा बांधलेला असतो. त्यामुळे पाणी थोडे वर चढते व बाजूच्या पाटात शिरते. तेथून पुढे ते उताराने आपोआप शेतांकडे धावते. मोटेची गरज नाही, बैलांना कष्ट नाहीत. बंधाऱ्यावरून सांडलेले आणि शेतात मुरून पुन्हा नदीत झिरपलेले पाणी खालचे गाव आपल्या बंधाऱ्याने अडविते.

पाटाखालच्या जमिनीचे बहुधा तीन-चार मोठे भाग पाडलेले असतात. प्रत्येक भाग म्हणजे एक फड. कुस्तीचाही फड असतो आणि तमाशाचाही; पण या फडात उतरते ते सारे गाव. एका फडात सर्वांनी एकच पीक घ्यावयाचे, असा नियम असतो. उसाला पाणी फार लागते, हरभऱ्याला थोडे. उसाच्या मधोमध कोणी हरभरा पेरला, तर शेजारच्या ओलीने तो नासून जाईल. पुढील वर्षी फडांतील पिके बदलतात. त्यामुळे जमिनीचा कस टिकतो.

याहून विलक्षण नियम पाण्याचा आहे. शेताच्या मालकाने आपल्या शेताला स्वतः पाणी द्यावयाचे नाही! ते काम पाटकऱ्याचे. तो फडाच्या एका कडेपासून आरंभ करतो आणि एकेक शेत भिजवीत दुसऱ्या कडेपर्यंत जातो. शेत पाटलाचे असो की गरीब विधवेचे, पाळी चुकत नाही. गुरांपासून पिकाचे रक्षण जागल्या करतो. या सर्वांवर हवालदाराची देखरेख असते, आणि गावाने निवडलेले पंच कारभार पाहतात. पाटकरी व जागल्या यांना मोबदला म्हणून शेतकरी धान्य देत असत.

खरी कसोटी लागते ती अवर्षणाच्या साली. थोडे पाणी सर्व फडांना वाटले, तर कोणाचेच पीक हाती लागणार नाही. अशा वेळी पंच एखादा फड कोरडा ठेवण्याचा निर्णय करतात. बहुतेकांचे एकेक शेत प्रत्येक फडात असल्याने ही हानी वाटली जाते. परंतु ज्याची सारी जमीन त्याच फडात असेल, त्याने काय करावे? पद्धतीतील हे उणे नाकारता येत नाही. पाटकऱ्याचेही हाल होतातच. धान्य पिकलेच नाही, तर त्याला देणार काय?

पुढे काळ बदलला. नदीच्या वरच्या अंगास धरणे झाली, पांझरेवर अक्कलपाड्याचे धरण उभे राहिले. शेतोशेती विहिरी खणल्या गेल्या व त्यांवर पंप बसले. ज्याच्याजवळ स्वतःचे पाणी आहे, त्याला पंचांची गरज वाटेनाशी झाली. अनेक फड मोडले, पाट गाळाने भरले. २००५ साली महाराष्ट्र शासनाने कालव्यांचे व्यवस्थापन शेतकऱ्यांच्या पाणी वापर संस्थांकडे सोपविणारा कायदा केला. त्यातील कल्पना पांझरेकाठच्या म्हाताऱ्यांना फारशी नवी वाटली नसेल.

जेथे पाट वाहता आहे, तेथे पावसाळ्यापूर्वी त्यातील गाळ काढावाच लागतो. कुदळी, फावडी आणि घमेली घेऊन माणसे पाटावर जमतात. ज्याची जमीन अधिक, त्याच्या वाट्याला कामही अधिक येते.