पाठ ९ : इंग्रजीचे प्राध्यापक, मराठीचे कवी

वाचण्याआधी
तुम्ही दिवसभर शाळेत कोणत्या भाषेत बोलता? आणि आजीशी फोनवर? एखादी गोष्ट मनात इंग्रजीत येते आणि मराठीत सांगताना अडते, असं तुमचं होतं का?

चला, वाचू या
एकदा वर्गात एका मुलीने विचारलं, "ताई, माझा सगळा अभ्यास इंग्रजीत होतो. मग मी मराठीत लिहून काय करू?"

प्रश्न अगदी खरा होता. म्हणून आज आपण अशा एका कवीला भेटू, ज्यांची नोकरी इंग्रजीची होती आणि कविता मराठीची.

त्यांचं नाव गोविंद विनायक करंदीकर. 'गोविंद' मधला 'गो' काढा बरं! काय उरलं? म्हणूनच सगळा महाराष्ट्र त्यांना 'विंदा' म्हणतो.

विंदांचा जन्म २३ ऑगस्ट १९१८ रोजी कोकणात, देवगड तालुक्यातल्या धालवली गावी झाला. कॉलेजचं शिक्षण कोल्हापुरात झालं. पुढे रत्नागिरीत आणि मुंबईत ते इंग्रजी साहित्याचे प्राध्यापक झाले. वर्गात शेक्सपिअर शिकवायचा आणि घरी येऊन मराठीत कविता लिहायची, असं त्यांचं वर्षानुवर्षं चाललं. 'स्वेदगंगा' हा त्यांचा पहिला कवितासंग्रह १९४९ साली आला. स्वेद म्हणजे घाम. कष्ट करणाऱ्या माणसांविषयी त्यांना किती वाटत होतं, ते या नावातच दिसतं. त्यानंतर 'मृद्गंध', 'धृपद', 'जातक' असे संग्रह आले.

मग इंग्रजीचा त्यांना काय उपयोग झाला? खूप झाला! परक्या भाषेत जे चांगलं सापडलं, ते त्यांनी आपल्या घरी आणलं. ग्रीक तत्त्वज्ञ ॲरिस्टॉटलचं काव्यशास्त्र, जर्मन कवी गटेच्या 'फाउस्ट' नाटकाचा पहिला भाग, शेक्सपिअरचं 'किंग लिअर' हे सगळं त्यांनी मराठीत आणलं. उलटा प्रवासही केला. स्वतःच्या कविता त्यांनी इंग्रजीत नेल्या.

आता एक गंमत ऐका. विंदांनी मराठीतून मराठीतही अनुवाद केला! संत ज्ञानेश्वरांचा 'अमृतानुभव' हा ग्रंथ सातशे वर्षांपूर्वीचा. त्याची जुनी मराठी आज महाराष्ट्रात वाढलेल्या माणसांनाही सहज कळत नाही. विंदांनी ती आजच्या मराठीत आणली. तेव्हा एखादा मराठी शब्द अडला, तर लाजू नका. शब्द सगळ्यांनाच अडतात. अडला की विचारायचं, एवढंच.

एवढे विद्वान प्राध्यापक, पण मुलांसाठी लिहायला बसले की एकदम खट्याळ! 'राणीची बाग' मध्ये त्यांनी प्राणी आणले, 'एटू लोकांचा देश' मध्ये एक अजबच देश वसवला आणि 'पिशीमावशी आणि तिची भुतावळ' मध्ये चक्क भुतं नाचवली.

कविता पुस्तकात बंद राहू नये, असं त्यांना वाटे. वसंत बापट आणि मंगेश पाडगावकर या दोन कविमित्रांबरोबर ते गावोगावी गेले. तिघे आपापल्या कविता नुसत्या वाचून दाखवत. ना पेटी, ना तबला. तरी सभागृहं भरून जात.

२००३ सालचा ज्ञानपीठ पुरस्कार विंदांना मिळाला. वि. स. खांडेकर आणि कुसुमाग्रज यांच्यानंतर हा मान मिळवणारे ते तिसरे मराठी लेखक. पुरस्कारांतून आलेला पैसा मात्र त्यांनी चांगल्या कामांसाठी देऊन टाकला. त्यांची 'घेता' नावाची प्रसिद्ध कविता आहे. निसर्गाकडून काय काय घ्यावं, हे ती सांगते. आणि घेता घेता घेणाऱ्यानेही देणारं व्हावं, असं सुचवते. १४ मार्च २०१० रोजी मुंबईत विंदांचं निधन झालं.

त्या मुलीच्या प्रश्नाचं उत्तर मिळालं का? विंदांनी दोन भाषांपैकी एक निवडली नाही. एकीतून घेतलं, दुसरीत दिलं. तुमच्याकडेही दोन भाषा आहेत. तुम्ही शाळेत काय शिकलात, हे आजीला मराठीत सांगितलंत, तर तुम्हीही तेच काम करत असता.

शब्दार्थ
मृद्गंध – मातीचा वास
अनुवाद – एका भाषेतलं दुसऱ्या भाषेत आणणं
खट्याळ – खोडकर
विद्वान – खूप अभ्यास केलेला
पेटी – इथे, हार्मोनियम

उत्तरं लिहा
१. 'विंदा' हे नाव कसं तयार झालं?
२. विंदांनी मराठीत आणलेल्या दोन परदेशी साहित्यकृती सांगा.
३. 'मराठीतून मराठीत अनुवाद' म्हणजे काय? तो का करावा लागला?
४. 'घरी आणलं' याचा पाठातला अर्थ तुमच्या शब्दांत सांगा.

करून पाहा
आई-बाबांबरोबर 'घेता' ही कविता मिळवून मोठ्याने वाचा. मग शाळेत ऐकलेली एखादी छोटी इंग्रजी गोष्ट पाच वाक्यांत मराठीत लिहा. शब्द अडला, तर तिथे रेघ मारा आणि पुढे चला. रिकाम्या जागा घरातल्या मोठ्यांच्या मदतीने भरा. पुढच्या रविवारी ती गोष्ट वर्गात वाचू या.