एकच प्रश्न

माझी भाची सज्ञान असूनही, तिने स्वतः ठरविलेला विवाह मोडावा म्हणून वडील-भावांनी तिला सालेकसा तालुक्यातील राहत्या घरी कोंडून ठेवले आहे, अशी वार्ता तिच्या मैत्रिणीकडून कानी येताच मी, कायद्याचा गंध नसलेला एक निवृत्त शिक्षक, संतापाच्या भरात गोंदियाहून नागपूरची गाडी धरली आणि उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे बंदीप्रत्यक्षीकरणाची याचिका दाखल करविली. तीत मेहुण्यांचा तापट स्वभाव आला, धानाच्या बांध्यांचा जुना तंटा आला. मैत्रिणीला आलेल्या चिठ्ठीची नक्कल मात्र आली नाही, कारण ती चिठ्ठी मी मागितलीच नव्हती.

बंदीप्रत्यक्षीकरणाच्या, म्हणजे कोंडलेल्या व्यक्तीस कोर्टापुढे हजर करविण्याच्या, हुकुमाचा इतिहास आपल्याच मुलखात मोठा नाट्यमय आहे. पुण्याच्या मोरो रघुनाथ नामक 14 वर्षांच्या मुलास त्याच्या चुलत आजोबांच्या ताब्यातून हजर करावे, असा हुकूम मुंबईच्या सुप्रीम कोर्टाने काढला, गव्हर्नर माल्कम यांनी तो बजावण्यास साहाय्य नाकारले, न्यायमूर्ती ग्रँट यांनी 1829 साली कोर्टच बंद केले, आणि अखेर प्रिव्ही कौन्सिलने कौल दिला तो कोर्टाच्या विरुद्ध. आज खंडपीठाचा हुकूम सालेकशाच्या जंगलापर्यंत निर्वेध पोहोचतो. पण पोहोचून तो सज्ञान माणसाला विचारतो एवढेच, की तू येथे स्वखुशीने आहेस काय?

भाची आली ती बापाच्याच जीपमधून, दोन्ही बाजूंस दोन भाऊ. प्रश्न झाला. खाली पाहून ती ‘होय’ म्हणाली आणि याचिका निकालात निघाली.

म्हणून ज्यांच्यावर असा प्रसंग येईल त्यांनी प्रथम ठाण्यात लेखी फिर्याद देऊन तिची पोच घ्यावी, चिठ्ठी, निरोप व तारखा जपाव्यात, वयाचा दाखला जोडावा (मुलगी अज्ञान असल्यास विचार तिच्या इच्छेपेक्षा हिताचा होतो), आणि नागपूर गाठण्यापूर्वी उपविभागीय दंडाधिकारी अथवा प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी यांजकडे नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 100 अन्वये, म्हणजे जुन्या संहितेतील कलम 97 अन्वये, झडतीचे वॉरंट मागता येते हे ध्यानी ठेवावे. स्त्रीला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील विनामूल्य मिळतो, तेथे उत्पन्नाची अट नाही. मेहुण्यांची निंदा मात्र गाळावी. तिने माझा एकही दिवस वाचविला नाही. सर्वांत महत्त्वाची विनंती मी केलीच नाही: जबानीपूर्वी मुलीस काही दिवस आधारगृहात ठेवावे, न्यायमूर्तींनी तिच्याशी दालनात एकांती बोलावे, आणि ती ‘नाही’ म्हणाली तर कोणाच्या घरी उतरेल, हे नावानिशी सांगावे.

पुढल्या भाऊबीजेस ती आईसोबत माझ्याकडे आली. ताट वाढता वाढता हलकेच म्हणाली, “मामाजी, ‘नाही’ म्हणून त्या रात्री मी गेली असती कुठं?”