शिडीला भिंत का लागते?

प्रश्न: माझी पुतणी सातवीत आहे. सुट्टीत आमच्याकडे आली की माइनक्राफ्ट खेळते आणि मी शेजारी बसून बघतो. परवा तिनं खाणीत उतरायला शिड्या केल्या. सात काड्या घातल्या तेव्हा तीन शिड्या मिळाल्या, त्याही भिंतीशिवाय उभ्या राहत नाहीत. उंचावरून पडताना मात्र तिनं भिंतीला शिडी लावली आणि तिला काहीच लागलं नाही. पाणीसुद्धा म्हणे शिडीत शिरत नाही. हे नियम कुणाच्या मनाला आले म्हणून असे आहेत, की त्यामागे काही हिशेब आहे? आणि जिना खोदण्यापेक्षा शिडी खरंच फायद्याची का?
एक वाचक, मिरज

उत्तर: हिशेब आहे, आणि त्यातला बराचसा एकाच गोष्टीतून निघतो. माइनक्राफ्टमधली शिडी ही एक लांब वस्तू नाहीच. तिथलं अख्खं जग एक मीटर लांब, रुंद आणि उंच अशा घरांत विभागलेलं आहे. प्रत्येक घरात दगड, माती, पाणी, नुसती हवा किंवा शिडीचा एक तुकडा यांपैकी काहीतरी एक असतं. आपल्याला पडद्यावर जी शिडी दिसते ती अशा सुट्या तुकड्यांची उभी रांग असते. वरचा तुकडा खालच्यावर उभा नसतो. प्रत्येक तुकडा आपापल्या पाठीमागच्या ब्लॉकला धरून असतो. पुतणीला रांगेतला मधलाच एक तुकडा तोडायला सांगा. वरचे तुकडे जागच्या जागी राहतील. पण एखाद्या तुकड्यामागचा दगड फोडला, तर तेवढाच तुकडा निखळून खाली पडेल. म्हणून भिंत हवी, आणि म्हणूनच मोकळ्या मैदानात शिडी उभी करायची तर आधी मातीचा का होईना, खांब रचावा लागतो.

आता काड्यांचं. वस्तू बनवायच्या टेबलावर तीन बाय तीन अशी नऊ घरं असतात. डावीकडच्या तीन घरांत तीन काड्या, उजवीकडच्या तीन घरांत तीन आणि मधोमध एक. बाजूंचे दोन उभे दांडे आणि त्यांना जोडणारी एक आडवी पायरी, म्हणजे शिडीचं चित्रच. स्वीडनमध्ये मार्कुस पेर्सोन यांनी 2009 साली हा खेळ लोकांसमोर आणला आणि 2010 मध्ये त्यात शिडी आली. त्या काळात ठरलेल्या बऱ्याच कृती अशाच आहेत: कुदळीची कृती कुदळीसारखी दिसते, तलवारीची तलवारीसारखी, दरवाजाची दरवाजासारखी. कृतींची यादी समोर नसतानाही मूल नुसत्या अंदाजानं वस्तू शोधून काढू शकतं. या खेळातली मला सर्वांत आवडणारी गोष्ट हीच आहे. सात हा आकडा त्या चित्रातून आला. एका वेळी तीन शिड्या मिळणं हा मात्र खेळ बनवणाऱ्यांनी ठरवलेला भाव आहे, आणि तो चांगलाच स्वस्त आहे.

किती स्वस्त, ते एकदा आकडे मांडूनच बघू. झाडाच्या एका ओंडक्यातून चार फळ्या निघतात आणि दोन फळ्यांतून चार काड्या. म्हणजे एका ओंडक्याच्या आठ काड्या. त्यांतल्या सात शिडीला गेल्या तरी एक उरते. 2021 च्या नोव्हेंबरमध्ये 1.18 ही आवृत्ती आली आणि जगाचा तळ उणे 64 पर्यंत खाली गेला. समुद्रसपाटी 63 च्या आसपास असते. हिरे जितकं खाली जावं तितके जास्त सापडतात, म्हणून खेळाडू उणे 59 पर्यंत उतरतात. सरळ उभ्या विहिरीनं हे अंतर 122 ब्लॉक भरतं. एवढ्या शिडीला 41 वेळा ती कृती करावी लागते. त्याला 287 काड्या लागतात, त्यासाठी 144 फळ्या, म्हणजे 36 ओंडके. ओकच्या लहान झाडाला चार ते सहा ओंडके मिळतात, तेव्हा सात-आठ झाडांत काम होतं. एका कप्प्यात 64 शिड्या मावत असल्यामुळे सगळा माल झोळीतल्या दोनच कप्प्यांत बसतो. पहिल्या एक-दोन दिवसांतही हे जमण्यासारखं आहे.

शिडीची खरी किंमत वेळेत द्यावी लागते. संगणकावरच्या जावा आवृत्तीत चढण्याचा वेग सेकंदाला साधारण 2.35 ब्लॉक आहे आणि उतरण्याचा तीन. त्या हिशेबानं 122 ब्लॉक चढायला बावन्न सेकंद लागतात, उतरायला चाळीसच्या वर. एकदाच जायचं असेल तर हे काहीच नाही. रोज दहा खेपा असतील तर नुसतं बटण दाबून भिंतीकडे बघत बसायचा कंटाळा येतो. जुन्या, बीटा आवृत्त्यांच्या काळात खेळाडू एक घर सोडून एक अशी शिडी लावायचे आणि तरीही वर चढता यायचं, त्यामुळे निम्मं लाकूड वाचायचं. पुढे ती पळवाट बंद झाली. आता मध्ये रिकामं घर आलं की चढण तिथंच थांबते.

तुम्हाला सर्वांत नवल वाटलेल्या भागाकडे येतो: पडताना शिडी लावली तर लागत का नाही. इथं आधी खेळ पडण्याचं नुकसान कसं मोजतो ते समजून घ्यायला हवं. तुम्ही जमिनीवर आदळलात तेव्हा तुमचा वेग किती होता हे तो बघत नाही. तो फक्त किती अंतर पडलात ते मोजत राहतो. पहिले तीन ब्लॉक माफ, त्यापुढच्या प्रत्येक ब्लॉकला अर्धं हृदय जातं. पूर्ण आयुष्य म्हणजे दहा हृदयं. म्हणून अंगात मंतरलेलं चिलखत वगैरे काही नसेल तर 23 ब्लॉकवरून पडणारा खेळाडू मरतो आणि 22 वरून पडणारा अर्ध्या हृदयावर वाचतो. आता शिडीच्या घरात पाय आले की खेळ दोन गोष्टी करतो. खाली जाण्याचा वेग शिडीच्या उतरण्याच्या वेगाइतका करून टाकतो आणि पडलेल्या अंतराची मोजणी शून्यावर आणतो. हात धरला, झटका बसला, खांदा निखळला, असलं काहीच तिथं नाही. मोजणी शून्य झाली की खेळाच्या दृष्टीनं तुम्ही पडलेलाच नाहीत.

तुमच्या पुतणीनं जे केलं ते या नियमाच्या जोरावर. भिंतीलगत पडताना तळाशी येता येता तिनं भिंतीवर शिडी लावली. याला हात फार तयार लागतो. जमिनीजवळ पोचेपर्यंत वेग एवढा झालेला असतो की सेकंदाचा एक लहानसा भागच हातात उरतो, आणि शिडी लावायला समोर भिंत दिसत असावी लागते. पाण्याची बादली ओतून वाचण्याची युक्ती जास्त प्रसिद्ध आहे, पण नेदर नावाच्या तप्त दुनियेत बादलीतलं पाणी ओतताक्षणी वाफ होऊन जातं. शिडी तिथंही चालते. सातवीतल्या मुलीला हे साधत असेल तर तिचं मनापासून कौतुक करा.

चढता-उतरताना मध्येच थांबायचं असेल तर शिफ्टचं बटण दाबून धरायचं. खेळाडू शिडीला लटकून राहतो. मात्र लटकलेल्या अवस्थेत खोदकाम पाचपट हळू होतं, कारण पाय जमिनीवर नसले की खेळ खोदण्याचा वेग तेवढा कमी करतो. विहिरीच्या भिंतीत कोळसा दिसला आणि शिडीवरूनच तो काढायला गेलं की कुदळ बोथट झाल्यासारखी का वाटते, याचं उत्तर हेच.

पाण्याचं गणितही त्या घरांचंच आहे. वाहतं पाणी रिकाम्या घरात शिरतं; ज्या घरात आधीच शिडी आहे तिथं शिरत नाही. शिडी दिसायला पातळ आणि भोकाभोकांची असली तरी तिनं ते घर अडवलेलं असतं. लाव्हाही तिथं अडतो. पूर्वी समुद्राच्या तळाशी काम करणारे खेळाडू याचा मोठा उपयोग करायचे. शिडी लावली की त्या घरातलं पाणी नाहीसं व्हायचं आणि तिथं तोंड घालून श्वास घेता यायचा. 2018 मध्ये 1.13 ही समुद्रावरची आवृत्ती आली आणि त्यात बरेच ब्लॉक पाणी पोटात ठेवून राहू लागले, शिडीसुद्धा. तेव्हापासून जावा आवृत्तीत साठलेल्या पाण्यात शिडी लावली तर शिडीही असते आणि पाणीही. जुन्या व्हिडिओत दाखवलेली युक्ती पुतणीला जमली नाही तर तिचं काही चुकलेलं नाही, नियम बदलला आहे. श्वासासाठी दरवाजा मात्र आजही चालतो. कोरड्या जागी लावलेली शिडी बाहेरून आलेल्या पाण्याला अजूनही अडवते.

आता जिना की शिडी. जिना खोदायचा तर एक पायरी खाली जायला निदान तीन ब्लॉक फोडावे लागतात, कारण डोकं आपटू नये. सरळ विहिरीला एकच पुरतो. 366 विरुद्ध 122, म्हणजे खोदकामात शिडी स्पष्टपणे पुढे आहे. शिवाय सरळ जिना तुम्हाला घरापासून 122 ब्लॉक लांब नेऊन सोडतो. भूक हा आणखी एक मुद्दा. पायऱ्यांचे ब्लॉक न लावता नुसत्या खोदलेल्या टप्प्यांवरून वर यायचं तर प्रत्येक टप्प्याला उडी मारावी लागते आणि उडीनं भूक वाढते. शिडी चढण्यानं वाढत नाही. पण त्या टप्प्यांवर पायऱ्या बसवल्या की पारडं फिरतं. पायऱ्या लाकडाच्याच हव्यात असं नाही. खोदताना निघालेल्या सहा दगडांतून चार पायऱ्या होतात आणि दगड तर वाटेत हवा तेवढा मिळतो. उडी मारावी लागत नाही, चालण्याचा वेग सेकंदाला साधारण 4.3 ब्लॉक, म्हणजे वर येताना जिनाच जलद. माझं मत विचाराल तर पहिल्यांदा तळ गाठायला शिडी, आणि तिथं कायमची खाण होणार असं दिसलं की सावकाश जिना.

मात्र खोदकाम दुप्पट झालं तरी विहीर एका ब्लॉकची खोदू नये, दोन ब्लॉकची खोदावी. पायाखालचाच ब्लॉक फोडत गेलं की खाली पोकळ गुहा किंवा लाव्हा लागला तर सावरायला वेळच मिळत नाही. दोन ब्लॉकच्या विहिरीत एका ब्लॉकवर उभं राहून शेजारचा फोडायचा, खाली काय आहे ते बघायचं आणि मगच पुढे जायचं. तळ गाठल्यावर शिडीची बाजू ठेवून दुसरी बाजू वरच्या तोंडाशी बुजवून टाकावी. मग तोंड एकाच घराचं उरतं आणि साधा कोळी एका घरापेक्षा रुंद असल्यामुळे त्यातून आत येत नाही. त्या तोंडावर झापदरवाजा बसवावा. तो शिडीच्याच भिंतीला बिजागरी येईल असा लावला तर उघडल्यावर शिडीचाच पुढचा तुकडा असल्यासारखा चढता येतो. एवढ्यानं रात्री विहिरीत कोसळणारे झॉम्बी थांबतात.

मोकळ्यावर काम असेल, उंच मनोरा किंवा छप्पर वगैरे, तर शिडीपेक्षा 2019 साली आलेली बांबूची परांची बरी. सहा बांबू आणि एक दोरा यांतून सहा तुकडे मिळतात, भिंत लागत नाही, आणि काम झाल्यावर तळाचा एक तुकडा तोडला की वरची सगळी परांची आपोआप कोसळून गोळा करता येते.

इतर खेळांत शिडीचे नियम पार वेगळे आहेत. टेरेरियात शिडी नाहीच. तिथं दोर आणि आकडा टाकून चढतात. सेव्हन डेज टू डाय या खेळात झॉम्बी शिडी चढून येतात, म्हणून जाणते खेळाडू घराच्या शिडीचा तळाचा भाग मुद्दाम काढून ठेवतात आणि स्वतः उडी मारून पकडतात. रस्टमध्ये तर शिडी हे हल्ल्याचं हत्यार आहे. दुसऱ्याच्या हद्दीत तुम्हाला भिंत बांधता येत नाही, पण लाकडी शिडी त्याच्या भिंतीला लावता येते आणि छपरावरून आत उतरता येतं. तिथं घर बांधणारा छपराचा विचार दरवाजाइतकाच करतो.

पुतणीला शिडीचा कंटाळा येऊ लागला की नेदरमधून सोल सँड नावाची वाळू आणायला सांगा. पाण्यानं भरलेल्या उभ्या नळीच्या तळाशी ती ठेवली की बुडबुड्यांचा झोत उठतो आणि खेळाडूला शिडीच्या कितीतरी पट वेगानं वर नेतो. त्यासाठी नळीतलं प्रत्येक घर साठलेल्या पाण्याचं हवं, वाहत्या पाण्यानं काम होत नाही. तळापासून वरपर्यंत केल्प नावाचं समुद्री गवत लावून मग ते काढून टाकलं की वाहतं पाणी साठलेलं होतं.