पांढऱ्या पट्ट्याची माशी

लंडनच्या दक्षिणेला, सरे परगण्यातल्या रानांत जून-जुलैमध्ये एक माशी आवर्जून बघावी अशी असते. व्होलुसेला पेल्युसेन्स हे तिचं शास्त्रीय नाव. ब्रिटनमध्ये हॉवरफ्लाय गटातल्या माश्यांच्या पावणेतीनशेहून अधिक जाती आहेत आणि त्यांतल्या कित्येक भिंगाखाली घेतल्याशिवाय ओळखता येत नाहीत. ही मात्र नुसत्या नजरेनं ओळखता येते. तिच्या मागे रानं हिंडताना जे हाती लागलं, ते असं :

१. माशी शोधायची तर आधी ऊन शोधावं. झाडीतून जाणाऱ्या रुंद वाटेवर जिथे उन्हाचा झोत उतरतो, तिथे थांबावं. पुरुषभर किंवा त्याहून जरा जास्त उंचीवर एक काळा ठिपका हवेत टांगल्यासारखा स्थिर दिसेल. तो नर. दुसरा कीटक जवळून गेला की त्याच्यावर झेप घेतो, त्याला पिटाळून लावतो आणि पुन्हा त्याच जागी येऊन ठाकतो. म्हणून त्याच्या मागे धावू नये. आपण हललो नाही, तर तोच परत येतो.

२. मग पट्टा. अंग काळं, चकचकीत, रुंद आणि जेमतेम दीड सेंटिमीटर लांब. पोटाच्या सुरुवातीलाच हस्तिदंती पांढरा रुंद पट्टा असतो. तिथलं कवचच अर्धपारदर्शक असतं. माशी आपल्या आणि सूर्याच्या मधे आली की त्यातून उजेड आरपार येतो आणि तिचं अंग कमरेत तुटल्यासारखं भासतं. हे एकदा पाहिलं की चित्रांतली माशी अगदीच निस्तेज वाटायला लागते.

३. पंख विसरू नयेत. प्रत्येक पंखाच्या मध्यावर गडद डाग असतो, टोकाकडे आणखी एक पुसट छटा. पंख दोनच, म्हणजे ही माशीच. गांधीलमाशीला चार असतात. नांगीही नाही.

४. सर्वांत जास्त गोंधळ होतो तो ल्युकोझोना ल्युकोरम या दुसऱ्या हॉवरफ्लायमुळे. तिलाही पांढरा पट्टा आणि पंखावर डाग. पण ती चणीनं बरीच लहान असते, तिच्या पाठीवर तांबूस-पिवळी लव असते आणि पाठीच्या मागच्या टोकाशी असलेलं छोटं त्रिकोणी कवच पिवळं असतं. आपल्या माशीचं ते कवच गडद असतं. ल्युकोझोनाचा भर मे-जूनमध्ये असतो, तर व्होलुसेला उन्हाळा चढेल तशी वाढत जाते. मे महिन्यात पट्टा दिसला की मी आधी पाठीकडे बघते.

५. नर की मादी हे डोळे सांगतात. नराचे डोळे माथ्यावर एकमेकांना भिडलेले, मादीचे वेगळे.

६. फुलांवर ती निवांत बघायला मिळते. ब्रॅम्बलच्या काटेरी जाळ्या फुलल्या की तिथे, नाहीतर हॉगवीडच्या पांढऱ्या फुलोऱ्यावर. हे हॉगवीड कोथिंबिरीच्याच कुळातलं, पण त्याचा रस अंगाला लागून वर ऊन पडलं तर कातडीवर फोड येऊ शकतात. देठाला हात न लावलेला बरा.

७. तिचं बालपण ज्या घरात जातं, ते कळल्यापासून मला ती फारच प्रिय झाली. मादी थेट गांधीलमाश्यांच्या पोळ्यात शिरून अंडी घालते आणि त्या तिला सहसा काही करत नाहीत. पोळं पुष्कळदा जमिनीत असतं. अंड्यांतून निघालेल्या अळ्या पोळ्याच्या तळाशी पडणारा कचरा, मेलेल्या गांधीलमाश्या आणि त्यांची मेलेली पिल्लं खाऊन वाढतात. थोडक्यात, रानातल्या या देखण्या माशीला गांधीलमाश्यांची भरलेली घरं लागतात. बागेच्या कडेला पोळं दिसलं की इथेही लोक लगेच औषध मारायला धावतात. पोळं येण्याजाण्याच्या वाटेत नसेल, तर ते राहू द्यावं असं मी शेजाऱ्यापाजाऱ्यांना सांगत असते. थंडी पडली की नव्या राण्यांखेरीज त्यातल्या गांधीलमाश्या मरतात आणि ते जुनं पोळं पुढच्या वर्षी वापरलं जात नाही.

८. फोटो काढाल तर एक वरून काढा, पट्टा, पाठ आणि पंख एकत्र येतील असा. दुसरा समोरून, चेहऱ्याचा. तारीख आणि नेमकी जागा तिथल्या तिथे लिहून ठेवा. संध्याकाळी घरी आल्यावर कुठली वाट होती ते आठवत नाही. ब्रिटनमध्ये १९७६ पासून हॉवरफ्लायच्या नोंदी गोळा करण्याची एक योजना चालू आहे आणि तिचा मोठा भार हौशी माणसांनीच उचललेला आहे. ‘ही तर नेहमीचीच’ म्हणून नोंद टाळू नका. कुठल्या रानात ती वाढली आणि कुठून नाहीशी झाली, हे नेहमीच्या जातीच्या नोंदींवरूनच कळतं, आणि त्यासाठी मागच्या वर्षीच्या जागेची या वर्षीही नोंद लागते.